स्वयंपाकघराबाहेरचा तर्क

भारतीय तर्कशास्त्रावर गेली दोनशे वर्षं एक आरोप आहे, आणि आपल्याकडच्या शिकल्यासवरल्या माणसांनीही तो मुकाट्याने पदरात घेतला आहे. आरोप असा, की या शास्त्राला स्वयंपाकघरातून बाहेरच पडता आलं नाही. डोंगरावर आग आहे. कारण तिथे धूर आहे. जिथे जिथे धूर तिथे तिथे आग, जसं स्वयंपाकघर. हा डोंगरही तसाच धुराचा. म्हणून त्यावर आग आहे. इथे डोंगर हा पक्ष, आग हे साध्य आणि धूर हा हेतू. पाच अवयवांचं हे अनुमान न्यायदर्शन शिकणारा प्रत्येक जण घोकतो, आणि टीकाकार नेमकं त्या ‘जसं स्वयंपाकघर’वर बोट ठेवतात. उदाहरणाचा टेकू काढला की ज्यांचा तर्क कोसळतो, ते संख्या, जाती, संबंध, अभाव असल्या डोळ्यांना न दिसणाऱ्या आणि हाताला न लागणाऱ्या वस्तूंबद्दल काय डोंबल तर्क करणार?

पूर्वपक्ष लेचापेचा करून मारण्यात पुरुषार्थ नाही, म्हणून तो आधी नीट उभा करतो. १८२४ साली कोलब्रुक या इंग्रज संस्कृतज्ञाने लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीपुढे न्याय-वैशेषिकांवरचा निबंध वाचला आणि युरोपला या पंचावयवी अनुमानाची ओळख झाली. तेव्हापासून त्याची तुलना अ‍ॅरिस्टॉटलच्या तीन विधानांशी होत आली. अ‍ॅरिस्टॉटलच्या साच्यात नुसती अक्षरं घालता येतात: सर्व क हे ख आहेत, सर्व ख हे ग आहेत, म्हणून सर्व क हे ग आहेत. क म्हणजे घोडा की त्रिकोण, याच्याशी तर्काला कर्तव्य नाही. न्यायात असं होत नाही. हेतू खोटा असेल तर अनुमानच बिघडलं, मग त्याचा साचा कितीही सुबक असो. शिवाय नैयायिक रिकाम्या पक्षावर अनुमान चालूच देत नाहीत. ‘आकाशकमळ सुगंधी आहे, कारण ते कमळ आहे’ असं कोणी म्हटलं, तर आकाशकमळ नाहीच, तेव्हा हेतू राहणार कुठे, असं विचारून ते त्याला आश्रयासिद्ध ठरवतात आणि विषय संपवतात. थोडक्यात, साचा आणि मजकूर वेगळे नाहीत, उदाहरण सुटत नाही, आणि जे अस्तित्वात नाही त्याच्याबद्दल बोलायची मुभा नाही. तेव्हा अमूर्त वस्तूंचा तर्क ही पश्चिमेची मिरास, आपल्याकडे फार तर चांगलं ज्ञानशास्त्र होतं, हा निष्कर्ष.

या पक्षाला हैदराबादेत एक देखणा साक्षीदारही मिळतो. १९ ते २७ ऑगस्ट २०१० या काळात हायटेक सिटीजवळच्या कन्व्हेन्शन सेंटरात गणितज्ञांची आंतरराष्ट्रीय काँग्रेस भरली होती. भारतात ती प्रथमच भरत होती. राष्ट्रपती प्रतिभा पाटील यांच्या हस्ते फील्ड्स पदकं दिली गेली. त्यांतलं एक व्हिएतनाममध्ये जन्मलेल्या न्गो बाओ चाऊ यांना मिळालं. गणितज्ञ लँग्लंड्स यांच्या योजनेतला ‘मूलभूत लेमा’ इतरांनी अनेक वर्षं खरा धरून त्यावर पुढची बांधकामं केली होती; तो त्यांनी सिद्ध केला. त्या सिद्धतेत ना डोंगर ना धूर. पूर्वपक्षी म्हणतो, पाहा, तर्क असा असतो.

आता उत्तर.

पहिलं उत्तर द्यायला एक तेलुगू माणूसच पुरे आहे. अन्नंभट्ट हा तेलुगू देशातला, सतराव्या शतकातला. विद्या केली काशीत. नुसतं काशीला जाऊन कोणी अन्नंभट्ट होत नाही, अशा अर्थाची म्हण पंडितांत चालत आली आहे. त्याचा ‘तर्कसंग्रह’ म्हणजे न्याय शिकणाऱ्या पोरांचं अंकलिपीसारखं पुस्तक. त्याची इंग्रजीत शिकलेल्या पिढीसाठीची नावाजलेली आवृत्ती मराठी माणसांनी काढली: यशवंत वासुदेव आठल्ये यांनी संपादन केलं, महादेव राजाराम बोडस यांनी प्रस्तावना आणि भाषांतर जोडलं, आणि १८९७ साली ती मुंबई संस्कृत मालेत निघाली. म्हणजे हे पुस्तक आपल्या घरातलं म्हणायला हरकत नाही. मजा अशी की ‘न्यायाला उदाहरण सुटत नाही’ या विधानाचं खंडन करायला गंगेश किंवा रघुनाथ या बड्या नैयायिकांकडे जावंच लागत नाही. ते या अंकलिपीतच आहे.

अन्नंभट्ट हेतूचे तीन प्रकार सांगतो. धूर हा त्यांतला एक, ज्याला स्वयंपाकघर हे बाजूचं उदाहरण मिळतं आणि तळं हे विरुद्ध बाजूचं. दुसरा केवलव्यतिरेकी. त्याचा नमुना असा: पृथ्वी इतर सर्व पदार्थांहून वेगळी आहे, कारण तिला गंध आहे. इथे बाजूचं उदाहरण देता येत नाही. का? कारण जगात जे जे म्हणून पृथ्वीद्रव्य आहे ते सगळं पक्षातच जाऊन बसलं. बाहेर दाखवायला उरलं काय? तरीही अनुमान वैध. ‘पण मग पाण्याचं विरुद्ध उदाहरण देतातच की,’ असं पूर्वपक्षी म्हणेल. देतात. पण त्या पाण्याचं काम पाहा. ‘हे तसं आहे, म्हणून तेही तसं असेल’ या साम्याच्या तर्काला तिथे जागाच उरलेली नाही, कारण पाणी पृथ्वीसारखं नाही हाच तर मुद्दा आहे. जे इतरांहून वेगळं नाही त्याला गंध नाही, हा नियम कुठेतरी पाळला जाताना दिसतो, इतकंच ते दाखवतं.

आणि उदाहरण हवं की नको, यावर आपल्याकडे एकमत होतं असं कोणी सांगितलं? मीमांसकांनी पाचांचे तीन अवयव केले. अकराव्या शतकातल्या रत्नाकरशांती या बौद्ध आचार्याने तर व्याप्ती, म्हणजे हेतू आणि साध्य यांचा अतूट संबंध, पक्षाच्या आतच कळते, उदाहरणाची गरज मंदबुद्धीच्या माणसाला, अशी बाजू एक स्वतंत्र प्रकरणग्रंथ लिहून मांडली. जैनांमध्येही हेतूचं खरं लक्षण एकच, साध्यावाचून तो संभवत नाही एवढंच, असं मानणारे होते. नैयायिकसुद्धा पाच अवयव मागतात ते दुसऱ्याला पटवून द्यायच्या अनुमानात. स्वतःपुरत्या अनुमानात पाच वाक्यांचा हा फौजफाटा लागत नाही. वादसभेच्या शिष्टाचाराला तर्काचा सांगाडा समजणं ही कोलब्रुकनंतरच्या वाचकांची गफलत आहे, न्यायाची नव्हे.

आता तिसरा प्रकार, केवलान्वयी. माझ्या मते सगळा खटला इथेच निकालात निघतो, म्हणून इथे जरा थांबू या. नमुना असा: घट नावाने सांगता येण्याजोगा आहे, कारण तो ज्ञेय आहे. न्यायाच्या मते जे जे आहे ते सगळं ज्ञेय आहे आणि सगळंच नावाने सांगता येतं. म्हणजे इथे साध्य सर्वत्र आहे. ते जिथे नाही अशी जागा विश्वात नाही. आता चौदाव्या शतकातला मिथिलेचा गंगेश ‘तत्त्वचिंतामणी’त काय करतो पाहा. व्याप्ती म्हणजे काय, हे त्याला सांगायचं आहे. जुन्यांच्या पाच व्याख्या तो समोर ठेवतो. त्यांतली पहिली अगदी सरळ: जिथे साध्याचा अभाव आहे तिथे हेतू नसणं, ही व्याप्ती. आग जिथे नाही तिथे धूर नाही. डोंगराला लागू, स्वयंपाकघराला लागू, तळ्याला लागू. रोजच्या व्यवहारात या व्याख्येत खोट काढायला जागा नाही. उरलेल्या चारही व्याख्या याच धाटणीच्या, साध्याच्या अभावावर किंवा साध्य असलेल्याहून असलेल्या भेदावर उभ्या.

गंगेश पाचही फेटाळतो, आणि कारण एकच देतो: केवलान्वयी अनुमानात त्या लागू पडत नाहीत. ‘नावाने सांगता येणं’ जिथे नाही अशी जागाच नसेल, तर ‘साध्याचा अभाव असलेली जागा’ या शब्दांना धरायला काही उरत नाही. धूर आणि आग यांच्यापुरती निर्दोष असलेली व्याख्या त्याने एका टोकाच्या, निव्वळ सैद्धांतिक प्रसंगासाठी टाकून दिली. मग हेतूच्या सोबत राहणारा असा कोणताही अभाव घ्या, साध्य त्या अभावाचं प्रतियोगी (म्हणजे ज्याचा तो अभाव आहे ते) नसावं, या दिशेने त्याने नवी व्याख्या बांधली, आणि तिच्यावर पुढच्या पिढ्यांनी मिथिलेत नि नवद्वीपात ग्रंथांच्या राशी ओतल्या. व्याख्येची कसोटी नेहमीच्या उदाहरणावर न घेता शेवटच्या टोकावर घ्यायची, हीच तर गणितज्ञाची सवय. याला स्वयंपाकघरातला तर्क म्हणायचं असेल तर ते स्वयंपाकघर एकदा पाहायला हवं.

चतुर पूर्वपक्षी इथे मला अडवील, आणि त्याचा अधिकारच आहे. आजचा तर्कज्ञ म्हणेल, अशी जागा नाही तर व्याख्या आपोआप खरी ठरते; जी खोली नाहीच तिच्यात हेतू नाही, हे निर्विवाद. गंगेशाने व्याख्या टाकली ती रिकाम्या पदांना तो घाबरतो म्हणून. हे निरीक्षण बरोबर आहे, त्यावरून काढलेला निष्कर्ष नाही. रिकाम्या पदाबद्दलचं विधान आपोआप खरं मानायचं की त्याला किंमतच द्यायची नाही, हा दोन तर्कपद्धतींमधला निवडीचा भाग आहे. आधुनिक तर्काचा पाया घालणाऱ्या फ्रेगेलाही रिकामी नावं ही भाषेची खोट वाटे. १९६०च्या आसपास कॅरेल लँबर्ट यांनी ज्याला मुक्त तर्कशास्त्र म्हटलं, त्याचा जन्मच नावामागे वस्तू असतेच असं न धरता तर्क कसा चालवायचा या प्रश्नातून झाला. तिथे जी सावधगिरी मानली जाते ती मिथिलेत घडली की दुबळेपणा ठरते, हा न्याय कुठला?

शिवाय आरोपात दोन गोष्टींची सरमिसळ झाली आहे. सशाचं शिंग नाही; घटत्व, म्हणजे सगळ्या घटांत समान असलेली जाती, आहे. पहिलं असत्, दुसरं अमूर्त. सशाच्या शिंगावर अनुमान करू न देणारे नैयायिक घटत्वावर, अभावावर, संबंधावर आणि संबंधाच्या संबंधावर पानंच्या पानं अनुमानं करतात. उदयनाचार्यांनी दहाव्या-अकराव्या शतकाच्या सुमारास जातीला बाधक असे सहा दोष सांगितले. कुठल्याही सामान्य कल्पनेला ‘ही खरी जाती’ म्हणून प्रवेश द्यायचा नाही, त्याआधी या सहा चाळण्यांतून ती गाळायची. त्यांतली एक चाळणी संकराची. पृथ्वी, जल, तेज, वायू आणि आकाश ही पाच भूतं. पृथ्वी, जल, तेज, वायू आणि मन ही पाच मूर्त द्रव्यं, म्हणजे मर्यादित आकारमानाची आणि हालचाल करू शकणारी. चार दोन्हींकडे सामाईक. आकाश भूत आहे पण मूर्त नाही. मन मूर्त आहे पण भूत नाही. दोन वर्ग एकमेकांना अर्धवट छेदतात, कुठलाच दुसऱ्याच्या पोटात पूर्ण मावत नाही. म्हणून भूतत्व आणि मूर्तत्व यांना जातीचा दर्जा नाही. दुसरी चाळणी अनवस्थेची: जातींवर पुन्हा जाती मानली तर तिच्यावर आणखी एक, असा जिना संपत नाही, म्हणून सामान्यावर सामान्य नाही. गंगेशापासूनच्या न्यायाला नव्यन्याय म्हणतात; त्या नव्यांपैकी काहींनी पुढे संकराला दोष मानायलाच नकार दिला. म्हणजे वाद चालू होता, आणि तो सर्वस्वी अमूर्ताबद्दल होता.

संख्येचं तर सांगायलाच नको. जुन्या वैशेषिकांना संख्या हा गुण. गुण द्रव्यात राहतो, गुणात गुण राहत नाही. आणि द्वित्व हे ‘हा एक, हा एक’ अशा मोजणाऱ्या बुद्धीतून वस्तूंमध्ये उत्पन्न होतं आणि ती बुद्धी सरली की नाहीसं होतं, असा प्रशस्तपादाचा पक्ष. सोळाव्या शतकाच्या आगेमागे नवद्वीपच्या रघुनाथ शिरोमणीने यावर घाव घातला. आपण ‘दोन रंग’ म्हणतो की नाही? रंग हा गुण. मग गुणात गुण कसा राहिला? ओढूनताणून समर्थनं न देता त्याने सरळ म्हटलं, संख्या गुण नाहीच. ती स्वतंत्र पदार्थ आहे. सात पदार्थांच्या बसलेल्या घडीत आठवा घुसवायला छाती लागते. द्वित्व राहतं कसं, यालाही नव्यांनी वेगळं उत्तर दिलं. दोन आंब्यांपैकी एकेक आंबा काही दोन नसतो. द्वित्व दोघांत मिळूनच पुरं होतं. या संबंधाला त्यांनी पर्याप्ती म्हटलं. १८८४ साली फ्रेगेनेही हाच काटा धरला होता: पत्त्यांचा एकच जोड हातात असतो, तो एक की अनेक हे वस्तू सांगत नाही. डॅनियल इंगल्स यांनी १९५१ साली हार्वर्डहून नव्यन्यायावरचं पुस्तक काढलं, त्यात या साम्याकडे बोट दाखवलं आहे.

‘पण तुमची जाती तर घटात राहते, डोळ्यांना दिसते म्हणता, खरी अमूर्त वस्तू देशकालाच्या बाहेर असते,’ हा पूर्वपक्षाचा शेवटचा बाण. अमूर्त म्हणजे जगाबाहेरचं, अशी व्याख्या आधी प्लेटोच्या बाजूने करून घ्यायची आणि मग दुसऱ्याकडे अमूर्त नाही असं सिद्ध करायचं, याला आपल्याकडे साध्यसम म्हणतात: हेतूच साध्याइतका असिद्ध. उलट जगाबाहेर ठेवलेल्या वस्तू कळतात कशा, हा प्रश्न तत्त्वज्ञ पॉल बेनासेराफ यांनी १९७३ मध्ये विचारल्यापासून प्लेटोवाद्यांच्या मानगुटीवर बसला आहे. नैयायिकाकडे त्याचं उत्तर आहे, पटो वा न पटो. डोळ्याचा घटाशी संयोग, घटात रूप समवायाने (म्हणजे अविभाज्य संबंधाने), रूपात रूपत्व पुन्हा समवायाने. या तीन पायऱ्यांनी रूपत्वाचं प्रत्यक्ष होतं. ज्ञान कुठून कुठे पोचलं याचा हिशेब टाकलेला आहे. हिशेब चुकीचा असेल तर कुठली पायरी चुकली ते दाखवा.

इथवर वाचून काही मंडळींची छाती फुगली असेल. त्यांनाही दोन शब्द. नव्यन्यायात अभावाच्या अभावाचा अभाव हा पहिल्या अभावाएवढाच मानतात, मात्र अभावाचा अभाव म्हणजे मूळ वस्तू हे नव्यांना मान्य नाही. विसाव्या शतकात ब्राउवर या डच गणितज्ञाच्या अंतःप्रज्ञावादी तर्कात तिहेरी नकार एकेरी नकाराइतकाच होतो आणि दुहेरी नकाराने मूळ विधान हाती लागत नाही. साम्य डोळ्यांत भरण्यासारखं आहे. पण ब्राउवरला सिद्धता म्हणजे काय याची चिंता होती. नैयायिकाला अभावांची रांग अनंत होऊ नये याची. उत्तर जुळलं म्हणून प्रश्न एक होत नाही. नव्यन्यायात चलाक्षरं नाहीत, कुठल्या नियमांनी कुठली विधानं सिद्ध होतात याचं शास्त्र नाही, आणि साच्याच्या वैधतेचा स्वतंत्र विचार नाही. सुरेंद्र बारलिंगे यांनी १९६५ साली भारतीय तर्कशास्त्राची आधुनिक ओळख करून देणारा ग्रंथ लिहिला, तेव्हापासून तरी मराठी वाचकाला ‘आमच्याकडे सगळं होतं’ या आरोळीची गरज उरायला नको होती.

मग साचा मुळीच नव्हता का? इथे हैदराबादचा दुसरा साक्षीदार. गचीबावलीला, हैदराबाद विद्यापीठाच्या संस्कृत अध्ययन विभागात अंबा कुळकर्णी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नव्यन्यायाच्या लांबलचक समासांचं संगणकाकडून विश्लेषण करवून त्यांच्या आकृत्या काढायचं काम केलं आहे. हे शक्य का होतं? जमिनीवर निळा घट नाही, पण लाल आहे, असं समजा. तर ‘घट नाही’ हे खोटं आणि ‘निळा घट नाही’ हे खरं. दोन अभावांतला फरक नैयायिक असा सांगतो: एका अभावाची प्रतियोगिता घटत्वाने मर्यादित, दुसऱ्याची नीलघटत्वाने. निष्ठ, निरूपित, अवच्छिन्न ही मोजकी पदं ठरलेल्या जागी, ठरलेल्या कामासाठीच येतात. घट काढून पट घातला तरी त्यांची जागा हलत नाही. ‘एकही नाही’ आणि ‘अमुक एक नाही’ यांतला भेद आधुनिक तर्कात चिन्हांनी दाखवतात, इथे तो अवच्छेदकाने, म्हणजे मर्यादा घालणाऱ्या धर्माने, दाखवला. यंत्राला घट कळत नाही, गंध कळत नाही. त्याला कळते ती रचना. त्याला आकृती काढता येते याचा अर्थ मजकुरापासून अलग करता येण्याजोगी रचना त्या भाषेत आहे. चलाक्षरांचं चिन्ह नसेना का, त्यांचं बरंचसं काम होत होतं.

आता न्यायावर खरा हल्ला करायचाच असेल, तर जागा मी दाखवतो. तर्कसंग्रहात संख्या एकापासून परार्धापर्यंत सांगितली आहे. परार्ध म्हणजे एकावर सतरा शून्यं. त्यात एक मिळवला तर ती संख्या कुठल्या खात्यात मांडायची? अनंताच्या पायऱ्या दिसल्या की नैयायिकाचा हात दोषाच्या शिक्क्याकडे जातो. जातींच्या बाबतीत उदयनाने तेच केलं. उलट कॅन्टरने १८७४ मध्ये अनंतांतही लहानमोठं असतं हे सिद्ध केलं, आणि त्यानंतरच्या गणिताने, २०१० साली हैदराबादेत गौरवलेल्या गणितानेही, अनंताला घरातलंच मानलं. रघुनाथाने संख्येला गुणांच्या यादीतून सोडवलं, पण अनंत संख्येला पदार्थाचा दर्जा द्यायचा तर कुठली अनवस्था मारक आणि कुठली निरुपद्रवी, याचा नवा नियम घालावा लागेल. बी आधी की अंकुर आधी, ही अनवस्था नैयायिक दोष मानत नाहीत, कारण तिला प्रमाणाचा आधार आहे. सुरुवात तिथून करता येईल.